अल्पशा आजाराने

आज सकाळी पुन्हा तो वास आला. बदलापुरात राहायला आल्यापासून हे सवयीचं झालं आहे. थंडीच्या दिवसांत हवा खाली बसते, वारा पडतो, आणि एमआयडीसीच्या बाजूने काहीतरी तिखट, डोळ्यांत पाणी आणणारं तरंगत येतं. सुनेने भराभर खिडक्या लावल्या. सोसायटीच्या ग्रुपवर तक्रारी सुरू झाल्या. कोणी एका कंपनीला नावं ठेवली, कोणी दुसरीला, कोणी नेहमीप्रमाणे नगरपालिकेला धरलं. मी माझ्या खोलीची खिडकी बोटभर उघडी ठेवली. "बाबा, खोकला वाढेल," सून दारातून म्हणाली. "लावतो, लावतो," म्हणालो आणि ती गेल्यावर तसाच बसून राहिलो. तो वास अमोनियाचा होता. गावाला तो विषारी वाटतो, आणि असेलही. मला मात्र त्या वासातून एक माणूस चालत येताना दिसतो. बाह्या कोपरापर्यंत दुमडलेल्या, उजव्या हाताच्या मधल्या बोटावर शाईचा डाग, आणि चेहऱ्यावर असं हसू की आता हा आपली काहीतरी फिरकी घेणार हे आधीच कळावं.

चाळीसएक वर्षांपूर्वी अंबरनाथच्या एका कारखान्यात मी पर्सोनेल खात्यात होतो आणि तो ड्रॉइंग ऑफिसात. बदलापूरच्या पलीकडे धरणाच्या वाटेवर त्याचं गाव, घरी भातशेती. घराण्यातला आयटीआय शिकलेला तो पहिलाच. यंत्रांचे नकाशे ट्रेसिंग पेपरवर शाईने काढायचे आणि मग त्यांच्या प्रती काढायच्या, हे त्याचं काम. प्रती काढण्याचं मशीन ड्रॉइंग ऑफिसच्या टोकाला, खिडकी नसलेल्या एका खोलीत होतं. तिथे कागदावर अमोनियाची वाफ सोडली की फिकट कागदावर जांभळ्या-निळ्या रेघा उमटत. दिवसभर तिथे उभा राहणाऱ्याच्या कपड्यांतून, केसांतून तो वास जात नसे. कॅन्टीनमध्ये तो शेजारी येऊन बसला की लोक नाक मुरडत, आणि तो म्हणे, "अत्तर आहे, परदेशी. तुम्हाला परवडणार नाही." त्याचं अक्षर पाहत राहावं असं होतं. अक्षराची उंची, दोन ओळींतलं अंतर, सगळं मापात, पण कुठेही यंत्राने छापल्यासारखं मेलेलं नाही.

अक्षरामुळेच आमची ओळख वाढली. अंबरनाथ पूर्वेला, स्टेशनकडे जाणाऱ्या रस्त्यावरच्या एका छोट्या वाचनालयाचा मी तेव्हा चिटणीस होतो, आणि वाचनालयाच्या दारातला फळा मीच लिहीत असे. फळा म्हणजे काय होतं ते आजच्या लोकांना सांगूनही पटणार नाही. एरवी त्यावर सुविचार आणि व्याख्यानमालेच्या तारखा. पण गावातलं कोणी गेलं की मी सकाळी ते सगळं पुसून निधनाची वार्ता लिहायचो. स्टेशनला जाणारा प्रत्येक जण थांबून वाचत असे. एखादा माणूस वारला हे त्याच्या घरच्यांनंतर फळ्याला कळायचं आणि फळ्याला कळलं की गावाला. या लिहिण्याची एक रीत ठरलेली होती. म्हातारी माणसं वृद्धापकाळाने जात. धडधाकट माणसं हृदयविकाराच्या तीव्र झटक्याने जात. स्टोव्हच्या भडक्यात गेलेल्या सुना अपघाती जात. आणि उरलेले सगळे, कॅन्सरचे, दारूचे, टीबीचे, ज्यांच्याबद्दल घरच्यांना बोलायचं नसे ते, अल्पशा आजाराने जात. दोन-दोन वर्षं अंथरुणाला खिळलेला माणूसही माझ्या फळ्यावर अल्पशा आजाराने गेलेला आहे. यात मला कधी खोटेपणा वाटला नाही. ती सभ्यता वाटायची. मेलेल्या माणसावर चादर ओढावी तशी.

तो वाचनालयाचा सभासद झाला तेव्हा पहिल्याच दिवशी म्हणाला, "चिटणीससाहेब, अक्षर बरं आहे तुमचं, पण वाक्यं पडद्यासारखी असतात. मागे कोण उभंय ते दिसू देत नाहीत." तेव्हापासून तो मला चिटणीससाहेब म्हणू लागला, कारखान्यातसुद्धा. मी त्याच्याहून दहा-बारा वर्षांनी मोठा. मोठेपणाच्या अधिकाराने मी एक उद्योग केला, जो आपल्याकडचा प्रत्येक मोठा माणूस करतो. त्याच्यासाठी स्थळ आणलं. बायकोच्या नात्यातली मुलगी होती, शिवणाचा कोर्स केलेली. फोटो खिशात घालून मी त्याला शिवमंदिरात घेऊन गेलो. रविवारी तो तिथे बसून भिंतीवरच्या शिल्पांची चित्रं काढायचा. फोटो त्याने नीट पाहिला, पाकिटात घातला, पाकीट माझ्या खिशात ठेवलं आणि वरून थोपटलं. म्हणाला, "मुलगी छान आहे. तिचं वाटोळं कशाला करता? मला बायका नकोत. मला पुरुष आवडतात." मी म्हणालो, "म्हणजे?" तो म्हणाला, "म्हणजे तुम्हाला वहिनी आवडतात तसं. घाबरू नका, तुम्ही नाही आवडत." मला हसावं की उठून जावं ते कळेना. शेवटी मी म्हणालो, "एखाद्या डॉक्टरला दाखव." तो चित्राकडे वळला. "दाखवलं. डॉक्टर म्हणाला लग्न कर. तुम्ही डॉक्टर का झाला नाहीत?"

हेच त्याने घरीही सांगितलं होतं, आणि बापाने त्याला दिवाळीच्या तोंडावर घराबाहेर काढलं होतं. तेव्हापासून तो उल्हासनगरात, कॅम्प चारमध्ये, एका सिंधी बाईंच्या घरात भाड्याने राहत होता. बराकीच्या दोन खोल्यांतली मागची खोली त्याची. बाई विधवा, पापड लाटायच्या. सगळी गल्ली त्यांना दादी म्हणायची. घरच्यांपैकी त्याची थोरली बहीण तेवढी त्याच्याशी बोलत असे. ती पालेगावात दिलेली. भाजीची पाटी घेऊन अंबरनाथच्या बाजारात यायची आणि वांगी-पडवळ त्याच्यासाठी वाचनालयात, माझ्याकडे ठेवून जायची.

मग त्याने एक काम सुरू केलं. ऐंशीचं दशक सरत होतं. मुंबईत एका नव्या रोगाची कुजबुज होती, आमच्याकडे तीही नव्हती. त्याने पोस्टात एक टपालपेटी घेतली आणि हाताने पत्रकं लिहिली. ट्रेसिंग पेपरवर शाईने, त्या देखण्या अक्षरात; आणि पाळी संपल्यावर कारखान्याच्या मशीनवर त्यांच्या प्रती काढल्या. "तुम्ही एकटे नाही" अशी सुरुवात. मग रोग कशाने होतो, कशाने होत नाही, काय वापरावं. एका कोपऱ्यात निरोधची आकृती, यंत्राच्या सुट्या भागाची काढतात तशी, बाणांसकट. आणि खाली त्याचं पूर्ण नाव. मी म्हणालो, "नाव कशाला? संस्थेचं काहीतरी नाव घाल." तो म्हणाला, "लपून राहायला सांगणारे पुष्कळ आहेत. एक तरी नाव असलेला माणूस दिसू दे त्यांना." खळ करून तो ती पत्रकं कल्याणपासून कर्जतपर्यंतच्या स्टेशनांवरच्या मुताऱ्यांत चिकटवायचा. लोक फाडायचे, तो पुन्हा लावायचा. त्या प्रतींचं एक होतं, उजेडात त्या उडून जात. महिन्या-दोन महिन्यांत रेघा फिकट होत होत कागद कोरा होई. आज त्यांतली एकही कुठे शिल्लक नसेल.

पत्रं येऊ लागली. लग्न झालेल्यांची, कॉलेजातल्या मुलांची, एका कीर्तनकाराचंही. तो प्रत्येकाला उत्तर लिहायचा. कोणाला पोलिसांनी पकडून चौकीत बसवलं की तो जाऊन समोर उभा राहायचा आणि म्हणायचा, "याला सोडा, मीही तसलाच आहे, मला धरा." एकदा दोन कानशिलात खाऊन आला. दुसऱ्या दिवशी कॅन्टीनमध्ये म्हणाला, "साहेब डावखुरा होता, अंदाज चुकला." रविवारी सकाळी दादींच्या घरी दहा-बारा जण जमत. चहा, पापड, आणि मग बोलणं. त्यातले काही आयुष्यात पहिल्यांदाच तोंड उघडत होते. कोणी आजारी असला तर तो सोमवारी रजा टाकून त्याला मुंबईच्या इस्पितळात घेऊन जायचा. दादींना सुरुवातीला कळेना की हे सगळे कशासाठी येतात. मी एकदा गेलो होतो तेव्हा त्या मला म्हणाल्या, "ये कैसी मंडली है साईं? ना ढोलक, ना भजन. सिर्फ रोते हैं और चाय पीते हैं." त्याने त्यांना बाजूला बसवून सगळं सांगितलं. त्या बराच वेळ लाटणं फिरवत राहिल्या. मग म्हणाल्या, "अच्छा. पुट, तो चाय में चीनी ज्यादा डालूँ?" पुट म्हणजे मुलगा. त्या त्याला हीच हाक मारायच्या.

मीही जात असे, महिन्यातून एखाद्या रविवारी. हे मी आजवर कोणाला सांगितलेलं नाही. माझं तिथे काही काम नव्हतं. कोपऱ्यात बसायचो, ऐकायचो. इतकी खरी माणसं मला दुसरीकडे कुठे भेटत नव्हती, एवढंच. पण घरी बायकोला सांगताना मी वाचनालयाची मीटिंग आहे असं सांगायचो.

तो आजारी पडला तेव्हा नव्वदच्या दशकाची चार-पाच वर्षं गेली होती. आधी ताप, मग तोंड आलं, मग वजन उतरू लागलं. तपासणी करून आला आणि सरळ माझ्या टेबलापाशी येऊन हळू आवाजात म्हणाला, "आहे." त्याने ते साहेबांनाही सांगितलं, कारण त्याच्या मते न सांगणं ही पत्रकाशी बेइमानी होती. आठवड्याभरात कॅन्टीनमधला त्याचा कप वेगळा झाला. हँडलला लाल सुतळी बांधलेली. मी पर्सोनेलचा माणूस. ती सुतळी सोडायला सांगणं माझं काम होतं. मी दुसऱ्या टेबलावर जेवायला बसू लागलो. महिन्याभराने मला वर बोलावलं गेलं आणि त्याच्याकडून राजीनामा घ्यायला सांगितलं. तो मीच टाईप केला. "वैयक्तिक कारणास्तव मी माझ्या पदाचा राजीनामा देत आहे." त्याने वाचलं, हसला आणि सही केली. "वैयक्तिक तुमचं की माझं, चिटणीससाहेब?" एवढंच म्हणाला.

शेवटच्या पावसाळ्यानंतर तो खोलीबाहेर पडेनासा झाला. मी एका दुपारी गेलो तेव्हा तो भिंतीला टेकून, मांडीवर पाट घेऊन काहीतरी काढत होता. हात थरथरत होता, म्हणून दर रेघेआधी तो श्वास रोखून धरत होता. काम संपल्यावर त्याने ट्रेसिंगची गुंडाळी माझ्या हातात दिली. उघडून पाहिलं तर वाचनालयाचा फळा होता. हुबेहूब, मापासकट, चौकट, ओळींमधलं अंतर, कुठल्या ओळीत किती अक्षरं बसतील ते सगळं आखून. आणि त्यात त्याच्याच निधनाची वार्ता. फक्त तारखेची जागा मोकळी. मजकूर मला आजही तोंडपाठ आहे. "आमचे सभासद", पुढे त्याचं पूर्ण नाव, आणि मग "यांचे एड्सने निधन झाले. ते समलिंगी होते. आपल्या गावात हा आजार आहे. ज्यांना विचारायचे आहे त्यांनी रविवारी सकाळी कॅम्प चारमध्ये दादींच्या घरी यावे. नाव विचारले जाणार नाही. घाबरू नये."

"माप तुमच्याच फळ्याचं घेतलंय," तो म्हणाला. "तुम्ही फक्त उतरवायचं."

मी म्हणालो, "अरे, असं कसं लिहायचं? घरच्यांचा विचार कर."

"या दोन वर्षांत आमच्यातले सात गेले," तो म्हणाला. "तुमच्या फळ्यावर चौघे आले. दोघे काविळीने, दोघे अल्पशा आजाराने. वाचणाऱ्याला काय वाटेल? की हे मुंबईत होतं, अंबरनाथात कोणी मरत नाही. मग कोण कशाला तपासेल, कोण कशाला जपेल? पत्रकं लोक फाडतात. फळा कोणी फाडत नाही, चिटणीससाहेब. मेलेल्याचं लोक वाचतात. माझा तेवढा उपयोग होऊ द्या."

मी हो म्हणालो. "शब्द?" त्याने विचारलं. "शब्द," मी म्हणालो, आणि त्याच्या हातावर हात ठेवला. सांगायला लाज वाटते, पण घरी आल्यावर मी तो हात साबणाने दोनदा धुतला. पत्रकं वाचून मला सगळं माहीत होतं, तरी धुतला.

तो गुरुवारी सकाळी गेला. मी पोचलो तेव्हा गल्लीत पुरुष उभे होते, शेजारचे, रविवारचे दोघे-तिघे, त्याच्या गावाकडून आलेला एक चुलता. आंघोळ घालायला आत कोणी जाईना. दादी दारात आल्या, ओढणी कमरेला खोचलेली. "अरे मर्द लोग," त्या म्हणाल्या, "मरा हुआ आदमी काटता नहीं." कोणी हललं नाही. त्यांनी सगळ्यांच्या चेहऱ्यांवरून नजर फिरवली, माझ्याही, आणि आत गेल्या. त्यांनी आणि त्याच्या बहिणीने त्याला न्हाऊ घातलं. बाहेर मोरीतून वाहत येणारं पाणी लोक पाय मागे घेऊन जाऊ देत होते. मी गाडी बघून येतो म्हणून कोपऱ्यावर जाऊन उभा राहिलो. गाडी कोणीतरी आधीच सांगितली होती, हे मला माहीत होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी फळ्यापाशी उभा राहिलो. ट्रेसिंग शर्टाच्या खिशात होतं. फळा ओल्या फडक्याने पुसला, वाळू दिला. पहिली ओळ लिहिली, "आमचे सभासद". मग त्याचं नाव. अक्षर छान आलं. पहिल्या पाळीचे लोक रिक्षांतून उतरत होते, स्टेशनकडे जाणारे थांबत होते. मागून गावातल्या शाळेतले एक शिक्षक म्हणाले, "अरेरे, कोण गेलं हो?" मी नाव सांगितलं. "तरुण होता की! कशानं गेला?" हे आपल्याकडे प्रत्येक जण विचारतोच. खडू फळ्यावर टेकलेला होता. ते थोडं जवळ आले आणि आवाज खाली आणून म्हणाले, "उल्हासनगरला तो काहीतरी मंडळ चालवायचा ना? तुम्हीही दिसायचात म्हणे रविवारी तिकडे."

"कावीळ झाली होती," मी म्हणालो. "मी पुस्तकं पोचवायला जायचो."

आणि लिहिलं, "यांचे अल्पशा आजाराने दुःखद निधन झाले."

मला माहीत आहे की मी यासाठी किती कारणं तयार केली. बहिणीच्या सासरचं काय होईल. म्हातारी आई खेड्यात आहे. वाचनालयाची घटना आहे, समिती आहे. पुढे कधी रविवारच्या लोकांपैकी कोणी विचारलं तर मी सांगायचो की घरच्यांनी हात जोडले हो, काय करणार. इतक्या वेळा सांगितलं की मला ती बहीण हात जोडून उभी असलेली दिसायलाही लागली. आज लिहून ठेवतो : कोणीही हात जोडले नव्हते. मी कोणाला विचारलंच नव्हतं. मला भीती वाटली ती माझ्याबद्दल. लोक म्हणतील हाही त्यातलाच, ही. त्या संध्याकाळी कारखान्यात भंगारात जाणाऱ्या जुन्या नकाशांचा गठ्ठा बांधून ठेवलेला होता. मी ते ट्रेसिंग त्या गठ्ठ्यात सरकवलं.

दादींनी पुढचे काही रविवार चहाचं आधण ठेवलं. आधी पाच-सहा आले, मग दोघे, मग कोणी नाही. वर्षभराने त्या मुलाकडे इंदूरला निघून गेल्या.

हे सगळं असंच माझ्याबरोबर संपलं असतं. पण गेल्या वर्षी पालेगावात एका ओळखीच्या घरी वास्तुशांतीला गेलो होतो आणि लिफ्टमध्ये ती भेटली. त्याची बहीण. मी ओळखलं नाही, तिने ओळखलं. "भाऊ, तुमी वाचनालयातले ना?" त्यांच्या भाताच्या खाचरांवर आता चौदा मजल्यांच्या इमारती आहेत आणि त्यांतल्याच एकीत, तिसऱ्या मजल्यावर, तिला मुलाने आणून ठेवलं आहे. तिने हट्टाने घरी नेलं. खुर्चीवर न बसता खाली फरशीवर बसली. मोड आलेले वाल सोलत, इकडचं-तिकडचं बोलत बोलत ती त्याच्यावर आली.

"शेवटाला भ्याला वो तो," ती म्हणाली.

"कोण?"

"माजा भाव. मला म्हनालेला, ताई, मी गेल्यावर फळा वाच. खरं लिवायला सांगितलंय. मंग मला वाटलं, उद्या फळ्यावर येनारच हाय, तर घरच्यांना बाहेरून नको कळायला. म्हनून आदल्या सांजेला मीच सांगितलं. सासूला, नवऱ्याला. सगळं. त्याला काय झालेलं, तो कसा व्हता. काय काय बोलली नाय मला सासू! माजं ताट येगळं केलं. नवरा तर हात उचलून आला. मी म्हनलं, मारा, पन उद्या सगळा गाव वाचनार हाय." तिने वालाचं साल बाजूला टाकलं. "सकाळी पाटी घेऊन आले. चौथी शिकलेली मी, एकेक अक्षर लावून वाचलं. बघते तर काय, अल्पशा आजाराने. पुन्ना वाचलं. नवऱ्यानं पन वाचलं. सासू मंग मरेपर्यंत बोलत व्हती, सख्ख्या भावावर आळ घेतला हिनं, मेलेल्या भावावर. मला त्याचं काय नाय. पन वाटायचं, एवढा धीट मानूस, दुसऱ्यांना सांगायचा भिऊ नको, आनि सोता..." तिने पुढचा वाल उचलला. "भ्याला आसंल. मानूसच हाय. मी माफ केलंय त्याला."

मी चहा प्यायलो. वाल छान मोडावले आहेत म्हणालो. आणि निघून आलो.

त्याला माफ केलंय. मी लिफ्टने न जाता जिन्याने उतरलो आणि प्रत्येक मजल्यावर मला वाटत होतं की परत फिरावं. फळ्यावरच्या त्या दोन शब्दांनी मी एका मेलेल्या माणसाला भित्रा केलं होतं आणि एका जित्या बाईला खोटारडी. तीस वर्षं ती त्याच्यावरचा राग गिळत आली होती, जो माझ्यावर असायला हवा होता. एवढं कळूनही मला बोलायला वर्ष लागलं. आणि बोलणं शेवटी जमलंच नाही. म्हणून आज सकाळी हे लिहायला घेतलं. लिहिणं तेवढं मला येतं.

इथवर लिहून झाल्याला आता पंधरा दिवस होऊन गेले. मधल्या काळात मी पालेगावला जाऊन आलो. कागद नेले आणि तिला वाचून दाखवले, सुरुवातीपासून. कपाची सुतळी आली तेव्हा तिने डोळ्याला पदर लावला. आंघोळीच्या जागी म्हणाली, "त्या सिंधनीनं पान्यात गुलाब टाकलेले, ते नाय लिवलं तुमी." मग फळ्याचं आलं.  मी वाचत गेलो, शिक्षकांचं बोलणं, कावीळ, भंगाराचा गठ्ठा. शेवटचं पान संपलं.

"म्हंजे तो नव्हता भ्याला," ती म्हणाली. मला नव्हे, स्वतःशी. मग पुन्हा एकदा, "नव्हता भ्याला."

मी हात जोडले. तिने तिकडे पाहिलं नाही. कागद मागितले, चष्मा लावला आणि बोट फिरवत एकेक पान पाहिलं. "यात त्याचं नाव कुटं हाय?"

"नाव घातलं नाही," मी म्हणालो. "तुमच्या घरच्यांना, नातवंडांना उगाच त्रास..."

"मला इचारलंत?"

 तीस वर्षांपूर्वी जे केलं तेच, तसंच, त्याच शहाणपणाने मी पुन्हा केलं होतं, आणि तेही प्रायश्चित्त म्हणून लिहिलेल्या कागदावर.

"नाव आमच्या आज्यानं ठेवलेलं," ती म्हणाली. "लपवायला नव्हतं ठेवलं. काशिनाथ लिवा. आनि माजं नका लिवू, मला त्याची हौस नाय."

तर त्याचं नाव काशिनाथ. तो कॅम्प चारमध्ये राहत होता, तो समलिंगी होता, आणि तो एड्सने गेला. हे वाक्य त्याने मापात बसवून माझ्या हातात दिलं होतं आणि मी ते तीस वर्षं उशिरा लिहितो आहे. तो फळा आता नाही, वाचनालयाच्या जागी मोबाईलचं दुकान आहे. त्या आजारावर आता औषधं निघाली आहेत, लोक गोळ्या घेऊन म्हातारे होतात म्हणे. काशिनाथच्या बहिणीला तिचा भाऊ परत मिळाला, एवढं एक झालं. पण त्या शुक्रवारी सकाळी फळ्यासमोर थांबून, वाचून, पुढे स्टेशनकडे गेलेल्या माणसांत कोणी तरी असा असेल, ज्याने ती ओळ वाचली असती तर तो रविवारी दादींच्या दारात आला असता. तो कोण होता ते मला माहीत नाही. त्याच्याही निधनाची वार्ता पुढे कधी तरी मीच लिहिली असेल.